अनुकंपेची मुदत

सरकारी कर्मचारी सेवेत असताना वारला तर त्याच्या कुटुंबातील एका पात्र व्यक्तीला स्पर्धा परीक्षेशिवाय, जाहिरातीशिवाय शासनाच्या सेवेत घेण्याची जी तरतूद आहे, तिला अनुकंपा नियुक्ती म्हणतात. बोलीत तिचे नाव आणखी थोडक्यात आहे: अमका ‘अनुकंपावर लागला’ किंवा ‘बापाच्या जागेवर लागला’. यातला दुसरा प्रयोग कायद्याला धरून नाही. जागा बापाची नसते आणि ती वारशाने उतरत नाही. राज्यघटनेच्या १४ व्या आणि १६ व्या अनुच्छेदांनी सरकारी नोकरीत सर्वांना समान संधी दिली आहे. अनुकंपा हा त्या नियमाला केलेला अपवाद आहे आणि अपवाद म्हणूनच न्यायालये त्याचा अर्थ आखडता लावतात. घरातला कमावता माणूस अचानक गेल्यावर चुलीवर आलेले संकट निभावून नेणे, एवढाच या तरतुदीचा हेतू मानला जातो. त्यामुळे या विषयात पात्रतेइतकेच, किंबहुना तिच्याहून अधिक महत्त्व वेळेला आहे. अर्ज योग्य माणसाने केला, कागद सगळे बरोबर होते, तरी तो उशिरा आला म्हणून फेटाळला गेल्याची उदाहरणे ढिगाने सापडतात.

महाराष्ट्रात ही योजना १९७६ पासून आहे. तिला आजचा आकार दिला तो सामान्य प्रशासन विभागाच्या २६ ऑक्टोबर १९९४ च्या शासन निर्णयाने. त्यानंतर निर्णयांची रीघ लागली. २२ ऑगस्ट २००५ च्या निर्णयाने गट-अ आणि गट-ब अधिकाऱ्यांची कुटुंबे योजनेतून वगळली आणि अर्जाची मुदत पाच वर्षांवरून एका वर्षावर आणली. २०१० मध्ये उमेदवाराची कमाल वयोमर्यादा ४० वरून ४५ झाली. २०१३ मध्ये विवाहित मुलीला दार किलकिले झाले. विखुरलेले हे सगळे आदेश २१ सप्टेंबर २०१७ च्या शासन निर्णयात एकत्र बांधले गेले. करोनाकाळात अधिकारीही मोठ्या संख्येने दगावले, तेव्हा २०२१ मध्ये गट-अ आणि गट-ब मधील मृतांच्या वारसांना गट-क आणि गट-ड च्या पदांवर घेण्याची मुभा पुन्हा देण्यात आली. १७ जुलै २०२५ रोजी शासनाने धोरण पुन्हा सुधारले. जुने दावे मात्र बहुतांशी २०१७ च्या संकलनाच्या आणि त्यामागच्या निर्णयांच्या चौकटीतच लढले जात आले आहेत. त्यामुळे उशिराचा प्रश्न समजून घ्यायचा तर ती चौकट आधी पाहावी लागते.

ठाण्याच्या नौपाड्यासारख्या वस्तीत हा विषय पुस्तकी राहत नाही. गोखले रोड, विष्णुनगर, घंटाळी, राम मारुती रोड या पट्ट्यातल्या जुन्या इमारतींत सरकारी नोकरीवर उभी राहिलेली कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या राहत आली. जिल्हाधिकारी कार्यालय, जिल्हा न्यायालय आणि जिल्हा परिषद हाकेच्या अंतरावर, महापालिका भवन शेजारच्या पाचपाखाडीत, आणि पायी जाता येईल असे रेल्वे स्थानक. पण एकाच मजल्यावरच्या तीन घरांतले तीन कर्मचारी वारले, तर त्यांच्या मुलांना लागू होणारे नियम तीन असू शकतात. तहसील कार्यालयातल्या लिपिकाच्या मुलाला सामान्य प्रशासन विभागाचे निर्णय लागू, मध्य रेल्वेच्या कर्मचाऱ्याच्या मुलीला रेल्वे बोर्डाची परिपत्रके, आणि महापालिकेच्या सफाई कामगाराच्या वारसाला लाड-पागे समितीच्या शिफारशी. शेजाऱ्याचे ऐकून अर्ज करणारी माणसे येथेच फसतात. ‘रेल्वेत वीस वर्षांनी झाले, मग तुझे का नाही होणार?’ हा सल्ला प्रेमाचा असतो, पण चुकीचा.

राज्य शासनाच्या नियमांत पात्र कुटुंबीय कोण, हे नेमून दिलेले आहे. पती किंवा पत्नी, मुलगा, अविवाहित किंवा विवाहित मुलगी, मृत्यूपूर्वी कायदेशीररीत्या दत्तक घेतलेले अपत्य, मुलगा हयात नसेल तर सून, घटस्फोटित, परित्यक्ता किंवा विधवा मुलगी अथवा बहीण यांचा त्यात समावेश होतो. कर्मचारी अविवाहित असेल तर त्याच्यावर सर्वस्वी अवलंबून असलेला भाऊ किंवा बहीण. यांपैकी एकाच व्यक्तीला नोकरी मिळते आणि बाकीच्यांनी ना हरकत द्यायची असते. निवडलेल्या व्यक्तीने मृताच्या इतर अवलंबितांचा सांभाळ करण्याचे हमीपत्र द्यायचे असते. ते पाळले नाही तर नोकरी जाऊ शकते. एक अट अनेकांना उशिरा कळते: २८ मार्च २००१ च्या निर्णयानुसार ३१ डिसेंबर २००१ नंतर तिसरे अपत्य झालेल्या कर्मचाऱ्याचे कुटुंब या लाभाला मुकते.

मुदतीचा हिशेब असा आहे. २०१७ च्या संकलनाप्रमाणे अर्ज कर्मचाऱ्याच्या मृत्यूपासून एका वर्षाच्या आत नियुक्ती प्राधिकाऱ्याकडे पोहोचला पाहिजे. ते वर्ष उलटले तर पुढच्या दोन वर्षांपर्यंतचा, म्हणजे मृत्यूपासून एकूण तीन वर्षांपर्यंतचा उशीर क्षमापित करण्याचे अधिकार प्रशासकीय विभागाला २० मे २०१५ च्या निर्णयाने मिळाले. ही क्षमा आपोआप मिळत नाही. उशिराचे कारण लेखी द्यावे लागते आणि ते कागदोपत्री दाखवावे लागते. तीन वर्षांनंतर मात्र कार्यालयाचे हात बांधलेले असतात. तेथून पुढचा रस्ता न्यायाधिकरणाचा किंवा न्यायालयाचा. मूल अज्ञान असेल, तर त्याचे वर्ष मृत्यूच्या दिवसापासून नव्हे, तर त्याला अठरावे पूर्ण झाल्यापासून मोजले जाते, हे ११ सप्टेंबर १९९६ च्या निर्णयाने ठरवले. तेथेही एका वर्षानंतरच्या दोन वर्षांचा उशीर माफ होण्याची सोय आहे.

वरवर पाहता ही तरतूद उदार वाटते. चार वर्षांच्या मुलाला चौदा वर्षे थांबण्याची मुभा आहे. पण तिची मेख आईच्या अर्जात आहे. समजा, नौपाड्यात राहणारा आणि भिवंडीच्या तहसील कार्यालयात शिपाई असलेला कर्मचारी २००६ मध्ये वारला. मागे १९७२ साली जन्मलेली पत्नी, सात वर्षांची मुलगी आणि चार वर्षांचा मुलगा. कार्यालयातल्या सहकाऱ्यांनी सांगितले म्हणून बाईंनी वर्षाच्या आत स्वतःच्या नावाने अर्ज दिला. जागा रिक्त नव्हती, म्हणून नाव प्रतीक्षासूचीत गेले. दरवर्षी सूची पुढे सरकायची, पण नंबर काही लागला नाही. २०१७ मध्ये बाईंना ४५ पूर्ण झाली आणि नियमाप्रमाणे नाव सूचीतून निघाले. त्याच वर्षी मुलगी अठराची झाली. आईच्या जागी मुलीचे नाव घाला, असा अर्ज केला तर उत्तर काय? २० मे २०१५ च्या त्याच निर्णयाने सांगून ठेवले होते की, सूचीतल्या उमेदवाराचा मृत्यू झाल्याखेरीज त्याच्या जागी दुसऱ्या वारसाचे नाव घेता येणार नाही. म्हणजे आई जिवंत आहे, हेच मुलीच्या आड आले. वेळेवर अर्ज करणारे कुटुंब सूचीत म्हातारे झाले. याउलट अर्ज न करता मूल मोठे होण्याची वाट पाहणाऱ्याला निदान नवा अर्ज करता येत होता.

हा निर्बंध टिकला नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने मार्च २०२० मध्ये तो असमर्थनीय ठरवला आणि शासन निर्णयातून काढून टाकण्यास सांगितले. तर्क सरळ होता: मदत कुटुंबाला द्यायची आहे, कुटुंबातल्या अमुक एका माणसाला नव्हे. एक सदस्य वयाने बाद झाला म्हणून कुटुंबाची नड संपत नाही. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे ‘मॅट’, या निकालाचा आधार घेऊन नावे बदलून देऊ लागले. सर्वोच्च न्यायालयाचे याच काळातले कडक निकाल पुढे करून शासन विरोध करत राहिले. शेवटी प्रश्न उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठापुढे गेला आणि २८ मे २०२४ रोजी पूर्णपीठाने २०२० चा दृष्टिकोन उचलून धरला. वरच्या उदाहरणातल्या मुलीच्या दृष्टीने हा निकाल २०१७ च्या सात वर्षे पुढचा. तोवर तिने लेखी अर्ज करून नकार घेतला असेल आणि तो कागद जपला असेल, तर भांडायला काही हाती आहे. तोंडी विचारून ‘होत नाही’ हे उत्तर घेऊन ती परतली असेल, तर काहीच नाही.

सर्वोच्च न्यायालयाची भूमिका समजायला त्याच्या निकालांचा क्रम पाहावा लागतो. १९८९ मध्ये सीमा रस्ते संघटनेतल्या एका मृत भांडारपालाच्या विधवेचे प्रकरण न्यायालयासमोर आले. तिने वेळेत अर्ज केला होता, परीक्षाही दिली होती, तरी तिला वर्षानुवर्षे ताटकळत ठेवून शेवटी नकार मिळाला. न्यायालयाने बजावले की अशा नियुक्तीत दिरंगाई चालणार नाही, आणि पद नसेल तर अधिसंख्य पद निर्माण करून सामावून घ्यावे. त्या निकालात उशिराचा जाब सरकारला विचारला होता. पाच वर्षांनी, १९९४ मध्ये, हरियाणातल्या एका खटल्यात रोख बदलला. अनुकंपा नियुक्ती हा हवा तेव्हा वापरता येईल असा निहित हक्क नाही, कुटुंबाची आर्थिक स्थिती तपासल्याशिवाय ती देता येत नाही आणि संकट सरल्यावर तिचा दावा करता येत नाही, असे त्या निकालाने सांगितले. आजही फेटाळणीच्या बहुतेक आदेशांत या निकालाचा हवाला असतो.

त्यानंतर अज्ञान मुलांचे दावे एकामागून एक कोसळले. १९९६ च्या बिहारमधल्या प्रकरणात वडील वारले तेव्हा मुलगा चार वर्षांचा होता. २००० मधल्या दुसऱ्या प्रकरणात आई अबकारी खात्यात शिपाई होती आणि मुलगा दहा वर्षांचा. मूल सज्ञान होईपर्यंत जागा राखून ठेवता येणार नाही, असे न्यायालय म्हणाले. ३० सप्टेंबर २०२२ रोजी केरळमधल्या एका सार्वजनिक खतकंपनीच्या प्रकरणात, १९९५ साली वारलेल्या कर्मचाऱ्याच्या मुलीचा दावा फेटाळला गेला. त्याच दिवशी महाराष्ट्राच्या एका प्रकरणातही निकाल आला. आईच्या मृत्यूनंतर विवाहित मुलीने केलेला दावा ‘मॅट’ने आणि उच्च न्यायालयाने मान्य केला होता. तो सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला. विवाहित मुलगी आईवर अवलंबून होती असे म्हणता येत नाही आणि मृत्यूला अनेक वर्षे लोटली आहेत, ही दोन्ही कारणे त्यात होती. मार्च २०२३ मध्ये पश्चिम बंगालमधल्या नगरपालिकांच्या प्रकरणात सतरा-अठरा वर्षे रेंगाळलेल्या दाव्यांबाबत न्यायालयाने म्हटले की, इतक्या काळानंतर तातडीच उरत नाही. इतकी वर्षे कुटुंब तगले, हाच त्याला मदतीची गरज नसल्याचा पुरावा धरला जातो.

या शेवटच्या तर्कात गोम आहे. तगणे म्हणजे सावरणे नव्हे. मुलाची शाळा सुटली, आई पोळ्या लाटायला जाऊ लागली, खोली विकून कुटुंब डोंबिवलीपलीकडे, बदलापूरकडे सरकले, तरी ते तगलेच. शिवाय पश्चिम बंगालच्या प्रकरणातले अर्ज उशिरा केलेले नव्हते. ते वेळेत दाखल होऊन कार्यालयात पडून होते. अर्जदाराचा उशीर आणि कार्यालयाचा उशीर यांची एकाच मापात मोजणी झाली, आणि भुर्दंड मात्र अर्जदारालाच पडला. न्यायालयाला या अन्यायाची जाणीव नाही असे नाही. मे २०२२ मध्ये ओडिशातल्या एका निकालात त्याने सांगितले होते की, अनुकंपाचे अर्ज पूर्ण कागदांसह मिळाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावेत, कारण विलंबाने योजनेचा हेतूच मारला जातो. अडचण ही की, सहा महिने पाळले नाहीत तर पुढे काय, याचे उत्तर बहुधा त्याच अर्जदाराला शोधावे लागते.

महाराष्ट्रात कार्यालयाच्या दिरंगाईला आवर घालणारा कायदाच आहे. बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध करणारा २००५ चा अधिनियम लोकांत ‘दफ्तर दिरंगाई कायदा’ म्हणून ओळखला जातो. कोणतीही नस्ती एका कर्मचाऱ्याकडे सात कार्यालयीन दिवसांपेक्षा जास्त पडून राहता कामा नये. दुसऱ्या विभागाकडे जायची नसेल तर ४५ दिवसांत, जायची असेल तर तीन महिन्यांत निर्णय व्हावा, असे तो सांगतो. अनुकंपाच्या फाइलींचा प्रवास पाहिला तर या कायद्याची आठवण कोणाला फारशी नसावी.

प्रवास साधारण असा होतो. अर्ज आवक शाखेत पडतो, बारनिशीत क्रमांक पडतो, आस्थापना शाखेच्या लिपिकाकडे जातो. तो सेवापुस्तकातली कुटुंबाची नोंद पाहतो. ती जुळत नसते. मृताने लग्नानंतर नामनिर्देशन बदललेले नसते, मुलीचे नाव शाळेच्या दाखल्यावर एक आणि आधारवर दुसरे असते. मग ‘त्रुटींची पूर्तता करावी’ असे पत्र निघते, तेही कधीकधी जुन्या पत्त्यावर. इमारत पुनर्विकासाला गेलेली असली तर टपाल परत येते आणि फाइलीवर शेरा पडतो: ‘अर्जदाराकडून प्रतिसाद नाही’. दहा वर्षांनी न्यायाधिकरणापुढे हाच शेरा शासनाच्या वतीने वाचला जातो. नौपाड्यात गेली काही वर्षे जुन्या इमारती पाडून टॉवर उभे राहत आहेत आणि भाडेकरू तात्पुरत्या घरांत विखुरले आहेत. पत्ता बदलल्याचे पत्र आस्थापना शाखेला देणे हे किती महत्त्वाचे काम आहे, हे या एका शेऱ्यावरून ध्यानात यावे.

पूर्तता करायच्या कागदांत मृत्यूचा दाखला, वारसांबाबतचे शपथपत्र किंवा प्रमाणपत्र, उमेदवाराचा वयाचा आणि शिक्षणाचा पुरावा, उत्पन्नाचा तपशील, रहिवास आणि इतर वारसांची ना हरकत, हे मुख्य. मृत्यूचा दाखला मृत्यू जेथे झाला तेथल्या नोंदणी कार्यालयातून मिळतो. घर ठाण्यात असले तरी मृत्यू मुंबईच्या रुग्णालयात झाला असेल, तर दाखला मुंबई महापालिकेकडून घ्यावा लागतो. आणखी एक गुंता जिल्हा विभाजनाचा. १ ऑगस्ट २०१४ रोजी ठाण्यातून पालघर जिल्हा वेगळा झाला. त्याआधी जव्हार किंवा वाड्याच्या कार्यालयात नोकरी करणाऱ्याचे कुटुंब ठाण्यात राहत असेल, तरी ते कार्यालय आता पालघर जिल्ह्यात आहे. फाइल नेमकी कोठे आहे हे विचारायला माहितीच्या अधिकाराचा अर्ज हे स्वस्त आणि धारदार हत्यार. त्यातून मिळालेली प्रमाणित प्रत पुढे पुरावाही ठरते.

योजनेची माहिती कुटुंबाला देणे ही मुळात कार्यालयाची जबाबदारी आहे. कुटुंबनिवृत्तिवेतनाची कागदपत्रे करून घेतानाच अनुकंपा योजनेची माहिती आणि अर्जाचा नमुना द्यावा, असे शासनाच्या सूचनांत आहे. ही माहिती दिल्याची पोच फाइलीत नसेल, तर ‘आम्हाला कोणी सांगितलेच नाही’ या म्हणण्याला वजन येते, आणि उशीर माफ करताना ‘मॅट’ने या मुद्द्याची दखल घेतलेली आहे. मात्र हे वजन काही वर्षांच्या उशिरापुरतेच असते. वीस वर्षांनी ते कामाला येत नाही.

अर्ज मान्य झाल्यावर खरी प्रतीक्षा सुरू होते. नियुक्ती केवळ रिक्त पदांच्या ठरावीक टक्क्यांतच देता येते. २००५ मध्ये ही मर्यादा ५ टक्के होती, पुढे १० झाली, आणि सप्टेंबर २०१९ च्या निर्णयाने तात्पुरत्या मुदतीसाठी २० झाली, ती मुदतही नंतर वाढत गेली. दुसऱ्या बाजूला गट-ड ची पदे कमी होत गेली. शिपाई, पहारेकरी, सफाईगार ही कामे बाहेरच्या कंत्राटदारांकडे गेली. वडील ज्या पदावर होते ते पदच अनेकदा उरलेले नसते. कार्यालयात जागा नसेल तर नाव जिल्हाधिकारी कार्यालयातल्या सामायिक प्रतीक्षासूचीत जाते आणि जिल्ह्यातल्या इतर कार्यालयांच्या रिक्त जागांची वाट पाहते. नोकरभरतीवर निर्बंध आले की सूची गोठते, पण सूचीतल्यांची वये वाढतच राहतात. राज्यभर तुंबलेल्या या सूचीला २०२५ मध्ये मोठी चालना मिळाली. शासनाच्या दीडशे दिवसांच्या कार्यक्रमात अनुकंपा भरतीचा समावेश झाला. ४ ऑक्टोबर २०२५ रोजी राज्यात एकाच दिवशी दहा हजारांहून अधिक नियुक्तिपत्रे वाटली गेली. त्यात अनुकंपाचे पाच हजारांवर उमेदवार होते. बाकीचे लोकसेवा आयोगाच्या परीक्षेतून आले होते. एका दिवसात पाच हजार जणांना पत्रे देता येतात याचा दुसरा अर्थ असाही निघतो की, ती त्याआधीही देता आली असती.

कुटुंबनिवृत्तिवेतनाचा या सगळ्याशी जवळचा संबंध आहे. न्यायालये उशिरा आलेला दावा फेटाळताना पेन्शन मिळते का, किती मिळते, हे पाहतात. राज्यात १ नोव्हेंबर २००५ किंवा त्यानंतर सेवेत आलेल्यांना जुनी पेन्शन नव्हती आणि तिच्याबरोबर येणारे कुटुंबनिवृत्तिवेतनही नव्हते. अशा कर्मचाऱ्याची विधवा खऱ्या अर्थाने उघड्यावर पडत असे. २०१८ मध्ये अशा कुटुंबांसाठी १० लाख रुपयांच्या सानुग्रह अनुदानाची तरतूद झाली, आणि २०२३ मध्ये सेवेत असताना मृत्यू झाल्यास कुटुंबनिवृत्तिवेतनाचा पर्याय देण्यात आला. २००५ नंतर नोकरीला लागून २०२३ पूर्वी वारलेल्यांच्या वारसांचा दावा म्हणूनच आर्थिक निकषावर अधिक भक्कम असतो, आणि तो मांडताना हा कालखंड दाखवून देणे उपयोगी पडते.

केंद्र सरकारचे नियम निराळे आहेत. तेथे गट-क मधल्या थेट भरतीच्या जागांपैकी ५ टक्के अनुकंपेसाठी आहेत. २००३ मध्ये केंद्राने तीन वर्षांची कमाल मुदत घातली होती. त्या काळात जागा न मिळाल्यास प्रकरण कायमचे बंद होत असे. ही मर्यादा २०१२ मध्ये उठवण्यात आली. जुना दावा आता विचारात घेता येतो, पण तो तपासताना जास्त काटेकोर राहावे, अशी सूचना आहे. रेल्वे सर्वांत उदार. कल्याणच्या रेल्वे वसाहतींपासून ठाण्यापर्यंत रेल्वेची वारसभरती परिचित आहे. तेथे साधारण मर्यादा पाच वर्षांची असली तरी ती शिथिल करण्याचे अधिकार महाव्यवस्थापकांकडे आहेत, आणि विधवेला स्वतःला नोकरी करणे शक्य नसेल तर मूल सज्ञान होईपर्यंत प्रकरण खुले ठेवण्याची रीत आहे. शेजाऱ्याच्या सल्ल्याचे मूळ येथे असते. मध्य रेल्वेच्याच एका प्रकरणात डिसेंबर २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दुसऱ्या पत्नीपासून झालेल्या अपत्याला केवळ त्या कारणावरून अनुकंपा नाकारता येणार नाही, असे ठरवले. दोन घरांच्या भांडणात वर्षे घालवणाऱ्या कुटुंबांना तो निकाल ठाऊक असलेला बरा.

सफाई कामगारांच्या वारसांची गोष्ट अनुकंपेत मोडतच नाही, तरी तिची गल्लत नेहमी होते. लाड-पागे समितीच्या शिफारशी राज्याने १२ ऑगस्ट १९७५ रोजी स्वीकारल्या. त्यानुसार सफाई कामगाराच्या मृत्यूनंतरच नव्हे, तर निवृत्तीनंतरही वारसाला नोकरी मिळते. तेथे आर्थिक तंगी सिद्ध करावी लागत नाही आणि टक्केवारीची मर्यादा नाही. २४ फेब्रुवारी २०२३ रोजी या विषयावरचा एकत्रित निर्णय निघाला आणि तो न्यायालयात आव्हानातही सापडला. ठाणे किंवा कल्याण-डोंबिवली महापालिकेतल्या सफाई कामगाराच्या वारसाने अर्जावर ‘अनुकंपा’ असे लिहिले, तर तो चुकीच्या रांगेत उभा राहतो आणि त्या रांगेचे सगळे निर्बंध त्याला लागू होतात.

नकार मिळाला किंवा उत्तरच मिळाले नाही, तर दाद कोठे मागायची हे मालक कोण यावर ठरते. राज्य शासनाच्या कार्यालयासाठी ‘मॅट’चे मुंबई पीठ, रेल्वे आणि केंद्रीय कार्यालयांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण. महापालिका, जिल्हा परिषद आणि अनुदानित शाळा यांची प्रकरणे ‘मॅट’कडे चालत नाहीत. त्यांच्यासाठी उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. न्यायाधिकरणातही मुदत आहे: अंतिम आदेशापासून एक वर्ष. निवेदनावर उत्तर आले नाही तर सहा महिने वाट पाहून त्यापुढे एक वर्ष. वारंवार स्मरणपत्रे पाठवल्याने ही मुदत वाढत नाही. पुष्कळ अर्जदार कार्यालयाच्या पायऱ्या झिजवण्यातच ही मुदत गमावतात.

नोकरीचा दावा हातचा गेला तरी प्रत्येक वेळी सगळे संपते असे नाही. १३ नोव्हेंबर २०२४ रोजी निकाल लागलेल्या एका प्रकरणात हरियाणातला एक पोलीस शिपाई १९९७ मध्ये कर्तव्यावर असताना वारला होता. मुलगा तेव्हा सात वर्षांचा होता. सज्ञान झाल्यावर त्याने नोकरी मागितली. सर्वोच्च न्यायालयाने नोकरी नाकारली, पण त्याच्या आईला धोरणानुसार मिळू शकणाऱ्या एकरकमी सानुग्रह रकमेसाठी निवेदन करण्याची मुभा दिली आणि ते सहा आठवड्यांत निकाली काढण्यास सांगितले. ठरलेल्या वेळेत पैसे दिले नाहीत तर व्याजही द्यायचे होते. अशी एकरकमी रक्कम त्या त्या राज्याच्या किंवा संस्थेच्या धोरणात असावी लागते. स्टेट बँकेने २००५ मध्ये अनुकंपा नोकरीऐवजी रकमेचीच योजना आणली होती, आणि सरकारी बँकांत नोकरीचा पर्याय २०१४ नंतर परत आला. या मधल्या वर्षांत वारलेल्या बँक कर्मचाऱ्यांच्या वारसांनी नोकरीसाठी केलेले दावे न्यायालयांत वारंवार अडले ते याच कारणाने: मृत्यूच्या वेळचे धोरण लागू करायचे की अर्ज विचारात घेतला तेव्हाचे, यावर निकालांत एकवाक्यता नव्हती. जुना दावा घेऊन वकिलाकडे जाणाऱ्याने म्हणून मृत्यूचा दिनांक, पहिल्या अर्जाचा दिनांक आणि त्या दोन्ही दिवशी अमलात असलेले शासन निर्णय, हे तीन कागद आधी काढून घ्यावे लागतात.